तिसऱ्या मजल्यावरची काच

मोडलेल्या वस्तूने त्या इमारतीत संध्याकाळ पाहायची नाही, असा नियम होता. तो मालकांनी घातलेला नव्हता, किल्लीमावशीच्या सासऱ्यांनी घातलेला होता. सासरे इमारतीचे राखणदार. मालक महिन्यातून एकदा येत आणि सासरे जिन्याखालच्या खोलीत बारा महिने राहत, त्यामुळे कागदावर काहीही असलं तरी कायदा सासऱ्यांचाच चाले. कडी निखळली, कठड्याची सळई हलली, फरशीचा टवका उडाला, तर दिवस मावळायच्या आत ते दुरुस्त व्हायला हवं. आणि जसं होतं तसं व्हायला हवं. नवं कुठलं नि जुनं कुठलं हे ओळखू आलं, तर काम परत करायचं.

सून म्हणून त्या खोलीत आली त्याच आठवड्यात सासऱ्यांनी तिच्या हातात लाल रंगाचा डबा आणि बारीक कुंचला दिला. दुकानांच्या नावांच्या पाटीवरची अक्षरं उडाली होती. तिने ती गिरवली. सासऱ्यांनी चष्मा कपाळावर चढवून पाटी पाहिली, मग चष्मा खाली घेऊन पुन्हा पाहिली, आणि नवऱ्याला म्हणाले, तुझ्यापेक्षा हिचा हात बरा. नवऱ्याने ते आयुष्यभर मनाला लावून घेतलं नाही. उलट त्या दिवसापासून कुंचल्याचं काम तिच्याकडे सरकलं, मग काचेचं, मग कुलपांचं. त्याचे गुडघे गेले तेव्हा किल्ल्यांचा जुडगा आपसूकच तिच्या कमरेला आला. एकेचाळीस किल्ल्या होत्या. चालताना इतक्या वाजत की सगळ्या मजल्यांवर आधी किल्ल्या पोचत आणि मग ती. नाव किल्लीमावशी पडलं ते तेव्हापासून. खरं नाव पगाराच्या पावतीवर होतं, तिथेच राहिलं.

इमारतीला लोक सोळाखांबी म्हणत. आत शिरलं की मधोमध मोठा चौक, त्याच्या चारी बाजूंनी लोखंडाचे सोळा खांब, प्रत्येकाच्या माथ्यावर पानांची नक्षी आणि बुडाशी ओतलेला आकडा. वर पाहिलं तर थेट काचेचं छत. दिवसभर दिवा लावायची गरज नाही. कापडाचा व्यापार करणाऱ्या माणसाला रंग उजेडात दाखवावा लागतो, म्हणून आत्ताच्या मालकांच्या पणजोबांनी ती तशी बांधून घेतली होती. खांब जहाजातून आले होते. पणजोबांचा लोखंडावर विश्वास नव्हता, म्हणून पहिल्या मजल्याची जमीन तयार झाल्यावर त्यांनी तिच्यावर कापडाचे गठ्ठे पुरुषभर उंच रचायला लावले आणि स्वतः खाली खुर्ची टाकून तीन दिवस बसले, असं सासरे सांगत. बसून काय केलं, असं तिने एकदा विचारलं होतं. सासरे म्हणाले, वर बघितलं.

मुळात इमारत दोन मजल्यांची होती. पुढे धंदा वाढला, पणजोबांच्या मुलाला जागा पुरेना, त्याने तिसरा मजला चढवला. हे कुणी सांगायची गरज नव्हती, पायांना कळे. दुसऱ्या मजल्यापर्यंत जिना दगडी, सहासष्ट पायऱ्या, मधे झिजून बशीसारख्या झालेल्या. तिथून वर लाकडी, एकवीस पायऱ्या, आणि चौदावी कुरकुरणारी. खालच्या कमानी दगडात, वरच्या विटांच्या. छताची काच मात्र तीच, जुनी, उतरवून पुन्हा वर बसवलेली. कापडाचा व्यापार कधीच दुसरीकडे गेला होता. आता तळमजल्यावर फरश्यांचं दुकान होतं, मधे वकील, विम्याची कचेरी, चष्म्यांचं दुकान, दातांचा डॉक्टर. माणसं येत, काम करत, जात. वर कुणी बघत नसे.

तिसऱ्या मजल्यावर, जिथे विटांची कमान जुन्या भिंतीवर टेकते, तिथे एक भेग होती. ती सासऱ्यांच्या काळातही होती. तेरा वर्षांपूर्वी एक जाडजूड इंजिनिअर आला, धापा टाकत वर चढला, आणि भेगेवर आडवी अशी हाताच्या पंजाएवढी काचेची पट्टी चिकटवून गेला. दोन्ही टोकांना सिमेंटचे गोळे आणि काचेवर लाल रंगाने तारीख. काय समजवायचं ते त्याने जुन्या मॅनेजरांना समजावलं. मॅनेजर वर्षभरात नोकरी सोडून मुलाकडे राहायला गेले आणि ते समजणं आपल्याबरोबर घेऊन गेले. मावशीला वाटलं, भेगेला लावलेलं ठिगळ आहे. काचेचं का, असं तिने नवऱ्याला विचारलं तेव्हा तो म्हणाला, शहाण्यांना पत्र्याचं ठिगळ शोभत नाही.

पाच वर्षांनी एके सकाळी झाडताना तिला ती पट्टी मधोमध तडकलेली दिसली. दिवस मावळायच्या आत तिने माळ्यावरच्या छताच्या काचांच्या तुकड्यांतून तेवढीच पट्टी काच कापायच्या हिरकणीने कापली, तसेच गोळे केले, कडेने चुन्याचा हात फिरवला आणि लाल रंगाने जुनीच तारीख जशीच्या तशी गिरवली. सासऱ्यांनी चष्मा दोनदा वर-खाली केला असता तरी त्यांना फरक दिसला नसता. मग तिने वहीत लिहिलं: तिसरा मजला, कमानीजवळची काच बदलली. ही वहीसुद्धा सासऱ्यांचीच पद्धत. कुठलं काम कुठल्या दिवशी केलं ते एका ओळीत लिहायचं. वही कुणी मागत नसे, कुणी वाचत नसे. पण वह्या भरत गेल्या आणि पलंगाखालच्या पेटीत जात राहिल्या.

तेरा वर्षांत तिने ती काच सहा वेळा बदलली.

लेक इमारतीत आली ती दोन वर्षांपूर्वी. शिवणकाम ती लग्नाआधीपासून करत होती. घरातल्या एका मशीनच्या चार झाल्या, तेव्हा जावई म्हणाला, आता एक तर मशीन घरात राहतील किंवा मी. तिसऱ्या मजल्यावरची मोठी खोली बरीच वर्षं रिकामी होती, कारण सत्त्याऐंशी पायऱ्या चढायला कुठलं गिऱ्हाईक तयार नसतं. मावशीने मालकांकडे शब्द टाकला. इतक्या वर्षांत तिने त्यांच्याकडे दुसरं काही मागितलं नव्हतं. त्यांना सगळे धाकटे मालक म्हणत, वय बासष्ट. ते भिडस्त होते, हो म्हणाले. लेकीने खोली धुऊन घेतली, आठ मशीन मांडल्या, सहा बायका कामाला ठेवल्या, आणि कापडं बेतायचं लांब टेबल कमानीखाली ठेवलं. छताचा उजेड तिथे सगळ्यात चांगला पडे.

मावशी काळजीखोर होती, आणि हे जगजाहीर होतं. लेक लहान असताना तिला पंख्याखाली झोपायची बंदी होती, पंखा पडेल म्हणून. कठड्याला टेकायची बंदी होती. शाळेतून यायला दहा मिनिटं उशीर झाला की मावशी एकेचाळीस किल्ल्या वाजवत कोपऱ्यापर्यंत जाऊन यायची. लेक चौतीस वर्षांची झाली तरी तिने कुरकुरणाऱ्या चौदाव्या पायरीवर पाय देऊ नये असं आईचं म्हणणं होतं, आणि लेक मुद्दाम तिच्यावर पाय देऊन, आवाज काढून वर जात असे. कामाच्या बायकाही शिकल्या होत्या. किल्ल्यांचा आवाज आला की एखादी म्हणे, खिडक्या लावा ग, मावशी आल्या, वारा लागेल.

त्या वर्षी नगरपालिकेची नोटीस आली. शहरातल्या सगळ्या जुन्या इमारती तपासून घ्यायच्या, पक्क्या आहेत असा दाखला आणायचा, नाहीतर रिकाम्या करायच्या. महिनाभर सोळाखांबीत दुसरा विषय नव्हता. सगळ्यात जास्त घोर लेकीला होता. एका शाळेच्या गणवेशांचं मोठं काम तिला मिळायच्या बेतात होतं, आणि शाळेने विचारलं होतं, तुमची जागा राहणार ना? दाखला मिळाला तर काम मिळणार होतं, आणि ते मिळालं तर आणखी चार बायका ठेवता येणार होत्या. तिने त्या चौघींची नावंही ठरवून ठेवली होती.

धाकट्या मालकांनी आणलेला इंजिनिअर उंच आणि सडपातळ होता. शिवणकामाच्या बायकांनी पहिल्याच दिवशी त्याचं नाव बांबू ठेवलं. तो चार दिवस मोजमापं घेत होता. खांबांवर हातोडी वाजवून कान देऊन ऐकत होता, तळघरात उतरून विजेरी मारत होता. मावशी कुलपं उघडत त्याच्या मागे फिरत होती. त्याने इमारतीचं मनापासून कौतुक केलं. सासरे असते तर त्यांनी त्याला खुर्ची दिली असती.

चौथ्या दिवशी दुपारी तो धाकट्या मालकांना घेऊन तिसऱ्या मजल्यावर आला. लेकीने टेबल बाजूला केलं. त्याने शिडीवर चढून भेग पाहिली, काच पाहिली, तारीख वाचली, आणि त्याचा चेहरा उजळला. मालकांनी विचारलं, हे काय असतं?

"साक्षीदार," तो म्हणाला. "भेग जिवंत आहे की मेलेली, हे नुसतं बघून कळत नाही. काचेला लवचीकपणा नसतो. भिंत केसाएवढी जरी सरकली तरी ही फुटते. तेरा वर्षं झाली, जशीच्या तशी आहे. ही भेग मेलेली आहे, साहेब. मला खरी धास्ती हिचीच होती."

मालकांनी सुस्कारा सोडला. लेकीने तिथल्या तिथे सगळ्यांना चहा सांगितला. बायका हसत होत्या, कुणीतरी बांबूला शिडीवरून उतरताना सांभाळा म्हणालं. शिडी मावशीने धरली होती. ती तशीच धरून राहिली. बांबू उतरून गेला, चहा आला, कुणीतरी तिच्या हातात कप दिला, तेव्हा कुठे तिने शिडीवरून हात काढला.

सहा वेळा. पायऱ्या उतरताना तिच्या डोक्यात एवढंच होतं. वहीत सहा ओळी, तिच्या हाताच्या.

नवऱ्याला तिने सगळं सांगितलं. तो खुर्चीत बसून गुडघ्यांना तेल चोळत होता. त्याने सगळं ऐकून घेतलं, आणि चोळायचा थांबला नाही. त्याचं म्हणणं सरळ होतं. इमारत शंभर वर्षं उभी आहे, तिच्या बोलण्याने पडायची नाही आणि गप्प बसण्यानेही पडायची नाही. बोललं तर काय होईल हे मात्र नक्की होतं. वरचा मजला रिकामा होणार, पोरीची खोली जाणार, शाळेचं काम जाणार. त्यात, इतकी वर्षं काच बदलणारी बाई कोण म्हणून सगळे हिच्याकडे बोट दाखवणार. डोक्यावरचं हे छप्पर तरी राहील का, देव जाणे.

"झाकली मूठ सव्वा लाखाची," तो म्हणाला.

"आणि त्या कमानीखाली कोण बसतं?"

तो चोळायचा थांबला. मग तेलाच्या बाटलीचं झाकण लावत बसला. ते लवकर लागेना.

संध्याकाळी ती पुन्हा वर गेली. बायका घरी गेल्या होत्या. लेक टेबलाशी एकटीच बसून मोठ्या कागदावर गणवेशाचे भाग आखत होती, डोकं खाली, पेन्सिल कानाला. बरोबर तिच्या वर कमान. काच संध्याकाळच्या उजेडात चमकत होती. ती बसवून सहा महिने झाले होते. कडेचा चुना मावशीने इतका बेमालूम फिरवला होता की तिला स्वतःलाच जोड दिसेना.

टेबल जरा खिडकीकडे घे, असं ती म्हणाली. लेकीने मान वर केली नाही. खिडकीकडे उजेड तिरका येतो, म्हणाली. मग म्हणाली, "आई, आज तरी नको. इंजिनिअरने सांगितलं ना? आता तुझा पंखासुद्धा पडणार नाही." आणि हसली. थकलेलं, पण मोकळं हसू होतं. महिनाभरात मावशीने ते पाहिलं नव्हतं.

चौतीस वर्षं लांडगा आला म्हणून ओरडल्यावर हे असंच होणार होतं. दार लावताना तिला वाटलं, आपण तिला कितीही सांगितलं तरी पटायचं नाही. आणि पटेल असं सांगणंही तिला जमेना. सांगायचं तर ज्याला कळतं त्याला सांगायला हवं.

दुसऱ्या दिवशी सकाळी बांबू पहिल्या मजल्यावर मालकांच्या कचेरीत बसून अहवाल लिहीत होता. मालक समोर वर्तमानपत्र वाचत होते. मावशीने चार वह्या टेबलावर ठेवल्या. सहा ठिकाणी लाल दोऱ्याचे तुकडे घातलेले. तिने आदल्या संध्याकाळी काय बोलायचं ते मनात पाठ केलं होतं. त्यातलं काही आठवलं नाही.

"ती काच तेरा वर्षांची नाही," ती म्हणाली. "सहा महिन्यांची आहे. फुटली की मी नवी लावत होते. तारीख मीच गिरवली."

मालकांनी वर्तमानपत्र खाली ठेवलं. बांबूने पहिली वही उघडली, दोऱ्याचं पान काढलं, मग दुसरं. त्याने कोऱ्या कागदावर तारखा एकाखाली एक लिहिल्या आणि मधलं अंतर बाजूला. पाच वर्षं. चार वर्षं. मग सव्वा वर्ष, एक वर्ष, नऊ महिने, सहा महिने. त्याने पेन खाली ठेवलं. बोलला तेव्हा आवाज हळू होता. पहिल्या नऊ वर्षांत दोनदा, आणि नंतरच्या साडेतीन वर्षांत चारदा. मधे काय झालं?

मालकांना आठवेना. मावशीलाही पटकन आठवेना. तिने वही आपल्याकडे ओढून घेतली आणि दुसऱ्या नि तिसऱ्या काचेच्या मधली पानं उलटत गेली. नळाचा वायसर. पाटीची अक्षरं. छताची गळती. आणि मग एक ओळ, तीही कामाची नव्हतीच, रागाने लिहिलेली: फरश्यांच्या दुकानाने मधली भिंत काढली, धूळ चार दिवस, जिना रोज दोनदा धुतला.

बांबू उठला आणि मालकांना घेऊन खाली गेला. फरश्यांचा दुकानदार म्हणाला, ती नुसती आडोशाची भिंत होती, दुकान मोठं करायला काढली, मालकांची परवानगी होती. बांबूने तिथे उभं राहून वर पाहिलं. त्या भिंतीच्या बरोब्बर वर पहिला मजला, त्याच्या वर दुसरा, त्याच्या वर विटांची कमान. तिसरा मजला चढवणाऱ्या मुलाने निदान एवढं केलं होतं: जिथे भार वाढवला तिथे खालून टेकू दिला होता. आडोशाची वाटणारी भिंत तोच टेकू होती. हे कुठल्याच नकाशात नव्हतं.

धाकटे मालक कचेरीत परत आले तेव्हा घामाघूम झाले होते. परवानगीवर त्यांचीच सही होती, त्यामुळे ते कुणावर ओरडू शकत नव्हते. तरी एकदा म्हणाले, "मावशी, हे तुम्ही आज सांगताय?"

"काच कशासाठी असते ते मला काल कळलं, साहेब."

बांबूने वह्या नीट रचल्या आणि या आपल्याकडे राहू देता येतील का, असं विचारलं. इमारतीचा एवढा इतिहास त्याला कुठेच मिळाला नव्हता, म्हणाला. इतिहास हा शब्द ऐकून मावशीला ओशाळल्यासारखं झालं. त्यात नळाचे वायसर होते.

तिसरा मजला त्याच दिवशी रिकामा करायला सांगितला. लेकीला सांगायला मावशी स्वतः गेली. वाटेत तिने मन घट्ट केलं होतं. पोर चिडेल, म्हणेल गप्प बसली असतीस तर काय बिघडलं असतं, इंजिनिअरला कळलं नव्हतं, तुला काय पडलं होतं. त्याला काय उत्तर द्यायचं ते तिने ठरवलं होतं.

लेकीने सगळं ऐकलं. हातातली कात्री टेबलावर ठेवली. तिने विचारलं, मी इथे आल्यापासून किती वेळा? मावशी म्हणाली, तीन.

"म्हणजे मी खाली बसलेली असायचे आणि तू वर काच बदलायचीस."

"मला माहीत नव्हतं, बाळा."

"पंखा माहीत होता. पायरी माहीत होती. वारा माहीत होता." ती हे ओरडून म्हणाली नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं. "जन्मभर सगळ्या गोष्टींना भ्यालीस आई, आणि ही एक समोर होती, तिला रंग देत बसलीस."

याचं उत्तर मावशीने ठरवलेलं नव्हतं.

मशीन खाली उतरवायला दोन दिवस लागले. एकेक मशीन दोन हमालांनी धरून, सत्त्याऐंशी पायऱ्या. मावशी पुढे पुढे चालत दारं उघडत होती, वळणावर भिंतीला कापड धरत होती. चौदावी पायरी प्रत्येक खेपेला कुरकुरली. लांब टेबल जिन्यातून उतरेना. ते वरच घडवलेलं होतं, वरच राहिलं. शाळेने काम दुसऱ्या कुणाला दिलं. ज्या चार बायकांना अजून सांगितलंही नव्हतं, त्यांना सांगायची वेळच आली नाही. लेकीने गावाबाहेर एक खोली घेतली, दोन बस बदलून जावं लागे. सहापैकी तीन बायकांना तिथे जाणं जमलं नाही.

फरश्यांच्या दुकानात लोखंडी टेकू उभे करायचं ठरलं. पण ते बाहेरून यायचे होते, तोवर बांबूने भेगेवर नव्या तीन काचा लावल्या. त्याने तारीख टाकली, आणि मग मावशीकडे वळून अगदी हात जोडून सांगितलं, मावशी, यातली एखादी फुटली तरी नवी लावायची नाही. हात लावायचा नाही, रंग नाही, चुना नाही. नुसतं बघायचं आणि लिहायचं. ती हो म्हणाली. खाली येऊन नवऱ्याला म्हणाली, मला बिनकामाचं काम दिलंय. नवरा म्हणाला, त्यात मी तरबेज आहे, मला ने वर. मग स्वतःच्या गुडघ्यांकडे बघून त्याने तेलाची बाटली ओढली.

नवव्या दिवशी सकाळी मधली काच फुटली होती.

बारीकशी रेघ, या टोकापासून त्या टोकापर्यंत. खोली रिकामी होती. टेबल एकटंच कमानीखाली उभं होतं आणि त्याच्यावर विटांची थोडी तांबूस भुकटी पडली होती. मावशी तिथे किती वेळ उभी राहिली कुणास ठाऊक. खुर्ची जिथे असायची त्या जागी फरशीवर चार पायांचे चार ओरखडे होते. तिने ते मोजल्यासारखे पाहिले. मग खाली येऊन बांबूला फोन केला, वहीत लिहिलं, आणि दिवसभराच्या कामाला लागली. दुपारी कुणाचं तरी कुलूप अडकलं, ते सोडवलं. संध्याकाळ झाली तसं तिच्या हाताला काही सुचेना. माळ्यावर काचेचे तुकडे होते. हिरकणी ड्रॉवरमध्ये होती. अर्ध्या तासाचं काम. ती खोलीत येऊन बसली आणि हात मांडीखाली घेतले. छताच्या काचा काळ्या झाल्या. मोडलेली वस्तू वर तशीच राहिली. तिच्या संसारात हे पहिल्यांदा घडत होतं.

त्या वेळी लेकीचा फोन आला. सामान नेल्यापासून ती कामापुरतंच बोलत होती. बाबांचे गुडघे, विजेचं मीटर, वर राहिलेली इस्त्री. आज मावशीने काही विचारायच्या आधीच सांगून टाकलं, मधली फुटली.

मग लेकीने विचारलं, टेबलावर काही पडलं का?

थोडी भुकटी, मावशी म्हणाली. लेक बरं म्हणाली. फोन लगेच ठेवला नाही. तिकडे मशीनची घरघर ऐकू येत होती. दोघी तशाच फोन कानाला लावून ती ऐकत राहिल्या.

आता खाली टेकू लागले आहेत आणि भिंत परत बांधली आहे. फरश्यांचा दुकानदार पहिल्यापेक्षा अर्ध्या जागेत बसतो आणि मावशी समोरून गेली की मान फिरवतो. धाकट्या मालकांनी तिची खोली काढून घेतली नाही, पण हल्ली ते तिच्याशी थोडं जास्तच अदबीने बोलतात, आणि ते तिला आवडत नाही. बांबूने भेगेवर पुन्हा तीन नव्या काचा लावल्यात आणि सांगितलंय, त्या वर्षभर शाबूत राहिल्या तर तिसरा मजला उघडायचा विचार करता येईल. चार महिने झालेत. लेक परत येईल की नाही हे तिने विचारलेलं नाही, आणि लेकीने सांगितलेलं नाही.

रोज सकाळी मावशी विजेरी घेऊन वर जाते. दगडी जिन्यावर दोनदा थांबते, लाकडी जिन्यावर एकदा. पूर्वी थांबत नव्हती. चौदावी पायरी टाळून पाय पुढच्या पायरीवर टाकते. काचांवर उजेड तिरका धरून बघते, आधी डावी, मग उजवी, मग मधली, कारण मधलीचीच भीती जास्त. टेबलावरून बोट फिरवते. मग वहीत तारीख आणि एक शब्द.

नऊच्या सुमाराला लेकीचा फोन येतो. कशी आहेस वगैरे काही नाही, दोन बस बदलून आलेली असते, धाप लागलेली असते.

"काच?"

"आहे."

"बरं," म्हणते आणि कामाला लागते.